तिजेचा मुराळी

श्रावणातल्या तिजेच्या आदल्या दिवशी नाडोलीतल्या बायकांचे हात कामात असतात आणि कान वेशीकडे. कोणी ताक घुसळत असते, कोणी बाजरी पाखडत असते, आणि मध्येच एखादी हात थांबवून विचारते, "घंटा वाजली का गं?" उंटाच्या गळ्यातली घंटा. आता उंट फारसे राहिले नाहीत. भाऊ मोटरसायकलवर येतात आणि हॉर्न वाजवतात. तरी बायका विचारतात ते घंटेचंच. भावानं यायचं, लहेरिया ओढणी आणि घेवर मिठाईचा पुडा आणायचा, दारात लोटाभर पाणी प्यायचं आणि बहिणीला मागं बसवून माहेरी न्यायचं. आमचं एक गाणं होतं:

वाटेवर उडे धूळ, धुळीत लाल पगडी
वीरा आला गं न्यायाला, सासूबाई, काढा कडी

वीरा म्हणजे भाऊ. सासरच्या पहिल्या तिजेला हे गाणं मी इतक्या जोरात म्हटलं, की सासूबाई आतून ओरडल्या, "काढते गं बाई कडी, दार नको पाडूस!"

माझं लग्न साट्यालोट्याचं. माझे बापू आणि माझे सासरे एकमेकांच्या ओंजळीतून अफूचं पाणी प्याले आणि शब्द देऊन बसले. हंजा ओटारामला, वरजू मादारामला. हंजा म्हणजे मी. ओटाराम माझे धनी. हे नाव आता तोंडातून सहज निघतं, पण एके काळी ते उच्चारायला मला जोधपूरच्या मोठ्या कोर्टाची पायरी चढावी लागली. मादाराम माझा वीरा, आणि वरजू ओटारामची बहीण. म्हणजे ती माझी नणंद आणि माझी भावजयही. मी तिची तशीच. एकाच मुहूर्तावर ती माझ्या घरी गेली आणि मी तिच्या घरी आले.

तिजेला याची मोठी गंमत व्हायची. वीरा मला न्यायला यायचा, तो वरजूला तिच्या माहेरी सोडायला म्हणून मागं बसवूनच. ती उतरायची, मी चढायची. उंटाची पाठ काही गार व्हायची नाही. आम्हा दोघींची भेट व्हायची ती वीरा पाणी पिऊन होईपर्यंत, उंबऱ्याच्या आत आणि बाहेर.

"तुझ्या आईनं कढीत मीठ टाकायचं सोडलंय," ती म्हणायची.

"तुझ्या आईनं सगळं माझ्याच कढीत टाकलंय," मी म्हणायची, आणि आम्ही ओढण्या तोंडात कोंबून हसायचो.

वरजू उंच, हडकुळी, आवाज भरदार. आमच्याकडे वरात घराबाहेर पडली, की मागं राहिलेल्या बायका टूंटिया करतात. पुरुषांची सोंगं घेऊन खोटं लग्न लावतात, मनसोक्त शिव्या देतात. त्यात नवरदेव नेहमी वरजू. काजळाची मिशी, बापाची लाल पगडी, कमरेत काठी. एकदा मला नवरी करून ती म्हणाली होती, "घाबरू नकोस गं, मी चांगला नवरा आहे. खऱ्यासारखा नाही."

सगळ्या हसल्या होत्या. मीही.

एका तिजेला तिची ओढणी सरकली. आम्ही रायका, उंट-मेंढरं पाळणारे; आमच्या बायकांचा चुडा पार दंडापर्यंत चढलेला असतो. त्या पांढऱ्या बांगड्यांच्या वर चार निळे वळ होते.

"उंटानं लाथ मारली," ती म्हणाली.

"उंटाला बोटं असतात का गं?"

तिनं पाण्याचा लोटा माझ्या हातातून घेतला आणि वीराला नेऊन दिला. वीरा प्याला. त्याच्या श्वासाला दारूचा वास होता, तोही सकाळचा. मी त्याच्या मागं बसून माहेरी गेले, गाणी म्हणत गेले.

पुढच्या उन्हाळ्यात वरजू एकटी चालत नाडोलीला आली. चपला हातात, पाय भाजलेले. आईला म्हणाली, "मी आता जाणार नाही." एवढंच. पंच बसले, उठले, पुन्हा बसले. बेरावासहून, माझ्या माहेराहून, निरोप आला. वरजूला पाठवा, नाहीतर आमची आम्हाला द्या. ओटाराम अंगणात लोकर कातरत होते. मान वर न करता म्हणाले, "कोणाला द्यायला ती काय मेंढी आहे?"

आणि मग तीज आली.

त्या वर्षी वीरा उंटावर एकटाच होता. लहेरिया मात्र आणली होती, पिवळ्यावर लाल लाटांची. ओटाराम म्हणाले, "यंदा राहू दे." पण सासरे खाटेवरून उठले आणि म्हणाले, "तिजेला दारात आलेला मुराळी रिकामा पाठवायचा? आपल्या सात पिढ्यांत कुणी केलं नाही ते. भांडण पंचांत असतं, तीज बहिणीची असते." वीरानं मान डोलावली. मी आतून लहेरिया पांघरूनच आले. वरजूनं मला उंबऱ्यात अडवलं.

"भोजाई, जाऊ नकोस."

"वीरा आहे गं तो माझा."

"म्हणूनच सांगते."

मी तिचा हात बाजूला केला. वाटेत मी गाणंही म्हटलं. वीरा नुसता उंट हाकत राहिला. नेहमी तो दुसऱ्या ओळीला साथ द्यायचा.

बेरावासला मला कोणी बांधलं नाही, हे आधी सांगते. कुलूप नव्हतं, साखळी नव्हती. घराभोवती मेंढरांसाठी असतं तसं बोरीच्या काट्यांचं कुंपण, आणि त्याला काट्यांचीच झाप. त्या झापेसमोर वीरानं आपली खाट टाकली. तीज गेली, राखी गेली, गोगानवमी गेली. मी पाण्याला निघाले, की आई म्हणे, "घडा ठेव, तुझी काकी जाईल." मी जोडे शोधले, तर जोडे सापडेनात.

"बापू, मला घरी जायचंय."

"घरीच आहेस की," बापू म्हणाले. त्यांनी मला लहानपणी खांद्यावर घेऊन मेळे दाखवले होते. आवाज अजून तोच होता, मऊ. "वरजू त्या दारातून आत येऊ दे, तू याच दारातून बाहेर जा. साटं म्हणजे साटं. एक पारडं रिकामं ठेवून दुसरं भरता येतं का, पोरी?"

एकदा ओटाराम आले होते. मी झोपडीत होते, पण सांडणीची घंटा मी ओळखली. त्या घंटेला एक चीर गेलेली होती, तिचा नाद घोगरा यायचा. मी पाण्याचा लोटा भरून दारात येईपर्यंत काका, चुलतभाऊ काठ्या घेऊन झापेशी उभे होते. घंटा लांब लांब जात राहिली. लोटा माझ्या हातातच राहिला.

त्यानंतर एक दिवस ठाणेदार आला. ओटारामनी अर्ज केला होता, त्यावर निघालेला कोर्टाचा हुकूम त्याच्या हातात होता. हंजा, ओटाराम रायकाची बायको, हिला जोधपूरला आणून उभी करा आणि कोणत्या हक्कानं ठेवली ते सांगा.

बापूंना ते कळेचना. "माझ्या घरात माझी पोर. चोरी कोणाची झाली?"

ठाणेदार चहा पीत म्हणाला, "बाबा, चोरी नाही. कोर्ट म्हणतं, आधी माणूस दाखवा. बाकी बोलणं मागाहून."

मला ते फार आवडलं. आधी माणूस दाखवा. बेरावासहून जोधपूरपर्यंत बसमध्ये मी तेच मनात घोळवत होते.

पण कोर्टाच्या ओसरीत आई माझ्या कानाशी लागली. "वरजू परत यायला तयार झालीय म्हणे. तू आत नुसती गप्प राहा. ती येईल, मग तू जा. दोन्ही घरं राहतील. बोललीस तर तुझ्या भावाचं घर मोडलं, हे ध्यानात ठेव." बोलताना ती माझ्या लहेरियाची घडी नीट करत होती. आईचे हात तसेच होते, कापऱ्या बोटांचे, तुपाचा वास असलेले.

आत गेले. खाली घुंगट ओढलेला, त्यामुळं मला दिसले ते फक्त जोडे. जोड्यांवरून मी माणसं ओळखली. हे बापू. हा वीरा. आणि समोरच्या बाजूला चोचीचे जोडे होते माझ्या सासऱ्यांचे. त्यांच्या शेजारी मोठे चुलतसासरे, त्यांच्या शेजारी नाडोलीचे पंच. ओटारामनी सगळ्यांना आणलं होतं, नव्या पगड्या बांधून. कोर्टाला कळावं, की सून इज्जतदार घरची आहे, तिच्यामागं सगळं घर उभं आहे. बिचाऱ्यांना वाटलं, हीच आपली मोठी बाजू.

वरून एक आवाज आला, "बाई, तुला कोणाबरोबर जायचंय?"

सासऱ्यांसमोर मी लग्नापासून एक अक्षर बोलले नव्हते. पाणी हवं का हेसुद्धा मी भिंतीला विचारायची आणि सासूबाई त्यांना सांगायच्या. आता भर सभेत, त्यांच्या जोड्यांसमोर, मी नवऱ्याबरोबर जायचंय म्हणू? त्यात कानात आईचा आवाज.

"बोल बाई. घाबरू नकोस."

मी घुंगट आणखी खाली ओढला.

बापूंचा वकील उठला. "साहेब, मौनच सांगतंय. तिला जायचं नाही."

मला वाटलं ओरडावं. घशातून वाराही फुटला नाही. मग समोरच्या दोघा न्यायाधीशांत काही कुजबुज झाली आणि थोरले म्हणाले, "हिला नारी निकेतनात ठेवा. इकडचं तिकडचं कोणी भेटायचं नाही. शांतपणे विचार करू दे, मग पुन्हा विचारू."

नारी निकेतन म्हणजे सरकारी घर. तिथं भिंती पक्क्या होत्या, फाटकाला खरोखरचं कुलूप होतं. आणि आश्चर्य असं, की कितीतरी दिवसांनी मला तिथं श्वास आला. तिथल्या मोठ्या बाई, पान खाणाऱ्या, जाड भिंगांच्या, मला म्हणाल्या, "काय गं, कोर्टात मुकी झालीस म्हणे?"

"सासरे होते," मी म्हटलं.

त्या हसता हसता खोकल्या. "अगं देवा! तुझ्या नवऱ्यानंच तुझ्या तोंडाला कुलूप लावलं की!" आणि त्यांनी कोणाला तरी सांगितलं असणार, कारण पुढच्या वेळी मला कोर्टात नेलंच नाही. बाजूच्या खोलीत नेलं. पुस्तकांची कपाटं, एक खिडकी, खिडकीत कडुलिंब. समोर तेच दोघे न्यायाधीश, कोपऱ्यात लिहिणारा कारकून आणि माझ्याबरोबर एक शिपाईबाई. जोडे नव्हते कोणाचे.

"घुंगट काढलास तरी चालेल," थोरले म्हणाले. "इथं तुझ्या नात्याचं कोणी नाही."

मी काढला. उजेड डोळ्यांत घुसला.

"नाव?"

"हंजा."

"बापाचं?"

"गमनाराम."

"नवऱ्याचं?"

मी खाली पाहिलं.

धाकटे न्यायाधीश पुढं झुकले. त्यांचा आवाज बदलला. "नवऱ्याचं नाव सांगत नाहीस? लग्न झालंय ना तुझं? की जबरदस्तीनं लावलं होतं?"

कारकुनाची लेखणी उचललेलीच राहिली. मला कळलं, पुन्हा माझं मौन कोणीतरी माझ्यासाठी बोलणार. शिपाईबाई मारवाडचीच होती. ती घाईघाईनं म्हणाली, "साहेब, आमच्यात बायका नाव घेत नाहीत हो. आयुष्य कमी होतं म्हणतात."

"मग लिहायचं काय?" कारकून म्हणाला.

मी म्हटलं, "गाण्यात घेतलं तर चालतं."

थोरल्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. "घे मग गाण्यात."

मी डोळे मिटले. आवाज फुटेल की नाही, ठाऊक नव्हतं. फुटला.

सांडणीच्या गळ्यामंदी घंटा वाजे दुरूनिया
ओटाराम आले माझे, पाणी ठेविलं भरूनिया

खिडकीत लिंबावर एक साळुंकी तेवढी बडबडत होती. मग थोरले हळूच म्हणाले, "लिही, ओटाराम." आणि माझ्याकडं वळून, "आता सांग. कुठं जायचंय तुला?"

माझ्या लग्नात हे कोणी विचारलं नव्हतं. उंटावर बसवताना, उतरवताना, कधीच नाही. प्रश्न एवढासा. पण त्याच्या पोटात एका बाजूला बापूंचे खांदे होते, मेळा होता, आईच्या हातांचा तुपाचा वास होता. दुसऱ्या बाजूला चिरलेली घंटा. आणि मध्ये वरजू, चपला हातात घेऊन उन्हात चालत येणारी.

"मी गेले तर वरजूला धरून नेतील का?" मी विचारलं.

"वरजू कोण?"

मी सांगितलं. जमेल तसं, उलटसुलट. चुडा, वळ, साटं, पारडी. थोरले ऐकत राहिले. म्हणाले, "तिच्यासाठी आमच्याकडे कोणी आलेलं नाही, तेव्हा तिच्याबद्दल आम्ही काही ठरवू शकत नाही. पण ती तुझ्या बदल्यात नाही आणि तू तिच्या बदल्यात नाहीस, एवढं मी लिहून ठेवतो. पुढचं तू बोल."

"मला नाडोलीला जायचंय," मी म्हटलं. "माझ्या घरी."

ओसरीत सगळे उभे होते. आईनं तोंड भिंतीकडं केलं. वीरा आधीच पायऱ्या उतरून गेला होता. बापू माझ्याजवळ आले, मला वाटलं मारतील. त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला, लहानपणी ठेवायचे तसा, आणि म्हणाले, "जा. पण आता तुझ्या तिजेला आमच्या घरून कोणी येणार नाही. वाट बघू नकोस."

हात काढला आणि गेले. मी त्यांचे जोडे लांब जाताना बघत राहिले.

परतीच्या बसमध्ये सासरे अगदी शेवटच्या बाकावर, माझ्याकडं पाठ करून बसले. वकिलानं त्यांना चांगलंच सुनावलं होतं, "म्हाताऱ्या, तू आत होतास म्हणून सून गप्प झाली." ओटाराम माझ्या शेजारी. बाहेर बघत म्हणाले, "नाव घेतलंस म्हणे माझं."

"तुमचं आयुष्य कमी झालं असेल."

"होऊ दे. पुन्हा घे."

"बसमध्ये? लाज आहे का काही?"

घरी दारात वरजू उभी होती. नवा चुडा भरून, गाठोडं बांधून. मला बघून तिनं गाठोडं खाली टाकलं आणि कमरेवर हात ठेवले. "आलीस होय? मी इथं नटूनथटून तुझ्या बापाच्या घरी मरायला निघाले होते. एवढ्या नव्या बांगड्या फुकट गेल्या की गं!" आणि मग माझ्या गळ्यात पडून अशी रडली, की त्यातल्या दोन तिथंच फुटल्या.

वर्ष गेलं. पुन्हा तीज आली. गावात घंटा वाजत होत्या, दुसऱ्यांच्या दारात. मी मुद्दाम चूल सारवायला घेतली, पाठ वेशीकडे करून. मेंदीसुद्धा लावली नाही. सासूबाई मध्येच येऊन बघून जायच्या.

ऊन कलताना अंगणाबाहेर घंटा वाजली. घोगरी, चिरलेली. ओटाराम तर मेंढ्यांमागं गेले होते. मी दारात आले. सांडणीवर एक उंच, हडकुळा माणूस होता. लाल पगडी, काजळाची मिशी, हातात घेवराचा पुडा.

"ए बाई," तो भरदार आवाजात म्हणाला, "बहिणीला न्यायला आलोय. पाणी आण. आणि कढीत मीठ टाकणाऱ्या घरी परत यायचं की नाही, ते तुझं तू ठरव."

सासूबाई पदर तोंडाला लावून हसत होत्या, रडत होत्या. सासरे खाटेवरून उठले. मला वाटलं, पगडी बघून संतापतील, ती त्यांचीच होती. ते अंगणाच्या दारापाशी गेले, कडी काढली आणि पाठ फिरवून उभे राहिले.

वरजूनं मला मागं बसवलं. तळ्यापर्यंत नेलं, झोपाळ्यावर झुलवलं, अर्धा घेवर स्वतःच खाल्ला. मी गाणं म्हटलं, आणि दुसऱ्या ओळीला तिनं साथ दिली. दिवस मावळता मला परत आणून सोडलं. माहेर तळ्याइतकंच लांब होतं, पण होतं.

पुढं पंचांनी तिचं जुनं लग्न मोडून दिलं आणि तिचा पाट ठरायची वेळ आली. पलीकडच्या गावचा एक शांत विधुर होता, उंटिणीचं दूध विकायचा. पंच जमले, अफूचं पाणी तयार झालं. सासऱ्यांनी ओंजळ पुढं केली आणि मागं घेतली. "थांबा," म्हणाले. आत आले, भिंतीकडं तोंड करून बसले, आणि त्या भिंतीला विचारलं, "वरजू, तुला कुठं जायचंय?"

कोर्टाचेच शब्द. कुठून शिकले, सांगायला नको.

वरजू म्हणाली, "बा, आधी त्याला विचारा, त्याची उंटीण लाथ मारते का."

मग ती गेली, आपल्या पायांनी. आणि तिथून दर तिजेला पगडी बांधून यायची. लोक हसले, मग सरावले, मग पोरं वाट बघू लागली. बापू गेले तेव्हा मला कोणी कळवलं नाही. आई गेली तेव्हा वीरा स्वतः आला, पिकलेला, दारू सुटलेला. उंबऱ्याबाहेरच बसला. मी पाणी दिलं. त्यानं विचारलं, "येतेस?" मी म्हटलं, "तिजेला माझा मुराळी येतो रे. तू एरवी ये." तो आला कधीमधी.

ओटाराम मागच्या थंडीत गेले. आयुष्य काही कमी झालं नव्हतं त्यांचं, ऐंशीला टेकले होते. आता मी त्यांचं नाव रोज घेते, गाण्याविना, नुसतंच. घराला ऐकायची सवय व्हावी म्हणून.

वरजूचे गुडघे गेलेत. तिला उंटावर काय, खाटेवरही चढवत नाही. काल तिचा फोन आला. "यंदा मला न्यायला कोणी नाही गं," एवढं म्हणाली. भाऊ गेल्यावरची पहिली तीज तिची.

आज सकाळी मी पेटीतून ओटारामची लाल पगडी काढली. अजून लोकरीचा वास येतोय. बांधताना तिसऱ्या वळणाला चुकते आहे, नातसून बघून खदाखदा हसते आहे. "आजीसा, मिशी कोण काढणार?"

"काजळ आण," मी म्हटलं. "आणि ती घंटा आण, चिरलेली. मोटरसायकलला बांधायची."